आनंदी: नांदायला निघालेलं नाव

भावाच्या मुलीचं बारसं घोडबंदर रोडला, त्यांच्या सोसायटीच्या क्लबहाउसमध्ये झालं. मुलीचं बारसं बाराव्या दिवशी करायची पद्धत. आमचं एकेचाळिसाव्या दिवशी झालं, कारण मधले सगळे रविवार कोणाच्या ना कोणाच्या वाढदिवसाला आधीच गेले होते. पाळणा भाड्याने आणलेला, फुलांनी मढवलेला. बायकांनी 'कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या' केलं, मी वाकून बाळाच्या कानात कुर्रर्र केलं आणि नाव सांगितलं: आनंदी. लगेच पाठीत धपाधप बुक्के बसले. आत्या एकुलती एक असली की सगळे तिच्याच वाट्याला येतात.

टाळ्या थांबल्या तसा पुढच्या रांगेतून नौपाड्याच्या मावशीआजीचा आवाज आला. "आनंदी? म्हणजे राघोबादादांची? ध चा मा करणारी? नावांचा काय दुष्काळ पडला होता का गं?"

वहिनीचा चेहरा उतरला. तिच्या मनात डॉक्टर आनंदीबाई जोशी होत्या. भावाला इतिहासाशी घेणंदेणं नव्हतं, त्याला नुसता अर्थ आवडला होता. आणि मावशीआजीला आठवला शनिवारवाडा. नाव एक, पण ऐकणाऱ्याच्या डोक्यात उभी राहणारी बाई प्रत्येक वेळी वेगळी. पेढे वाटता वाटता मी मावशीआजीला म्हटलं, "तुला सगळं लिहून पाठवते." ती व्हॉट्सअ‍ॅपवरचे लांबलचक मजकूर शेवटपर्यंत वाचते, त्यामुळे आता सुटका नाही.

तर तिच्याच आक्षेपापासून सुरुवात करू.

३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात गारद्यांनी, म्हणजे भाडोत्री शिपायांनी, नारायणराव पेशव्यांचा खून केला. 'काका, मला वाचवा' ही हाक आपल्याकडे शेंबड्या पोरालाही माहीत असते. परंपरेने चालत आलेली गोष्ट अशी की त्यांचे काका राघोबादादांनी गारद्यांना दिलेल्या चिठ्ठीत नारायणरावांना 'धरावे' असं लिहिलं होतं, आणि आनंदीबाईंनी त्यातला 'ध' पुसून 'मा' केला. 'धरावे'चं 'मारावे' झालं. एका अक्षराने माणूस गेला. गोष्ट म्हणून ही इतकी बांधेसूद आहे की अडीचशे वर्षं टिकली, भाषेत वाक्प्रचार होऊन बसली. पण आनंदीबाईंच्या हाताबद्दल इतिहासकारांचं एकमत नाही. न्यायाधीश रामशास्त्री प्रभुण्यांनी दोष दिला तो राघोबादादांना. लोकांनी मात्र अक्षर बदलण्याचं काम बाईच्या नावावर लिहून टाकलं आणि त्या दिवसापासून ते नाव पाळण्यात ठेवताना घरची वडीलधारी माणसं बिचकायला लागली.

मावशीआजी, तुला ठाण्यात राहून या प्रकरणापासून लांब राहता येणार नाही, हेही सांगून टाकते. नारायणरावांच्या पाठीमागे त्यांच्या पत्नीला, गंगाबाईंना, एप्रिल १७७४ मध्ये मुलगा झाला. तेच सवाई माधवराव. बारभाईंनी, म्हणजे पेशवाईतल्या कारभाऱ्यांच्या जुटीने, राघोबादादांची पेशवाई मानली नाही, आणि दादा मदतीसाठी इंग्रजांकडे गेले. इंग्रजांचा डोळा साष्टी बेटावर होता, म्हणजे ज्यावर आपलं ठाणं आहे त्या बेटावर. मराठ्यांनी १७३७ मध्ये पोर्तुगीजांकडून घेतलेलं ठाणं इंग्रजांनी दादांशी बोलणी चालू असतानाच, १७७४ च्या डिसेंबरअखेरीस, किल्ल्यावर हल्ला करून घेतलं. मार्च १७७५ मध्ये सुरतेचा तह झाला, त्यात दादांनी साष्टी आणि वसई देऊ केली. वसई पुढे १७८२ च्या सालबाईच्या तहात परत मिळाली, साष्टी मिळाली नाही. म्हणजे आपलं ठाणं इंग्रजांकडे गेलं ते आनंदीबाईंच्या नवऱ्याच्या गादीच्या भांडणात. तो किल्ला म्हणजे आजचं ठाण्याचं मध्यवर्ती कारागृह. बाहेरून रिक्षाने जाताना ती जुनी तटबंदी आपण कितीदा पाहतो.

पुढे या आनंदीबाईंचाच मुलगा दुसरा बाजीराव म्हणून शेवटचा पेशवा झाला. आणि नाशिकजवळ गोदावरीच्या काठी आनंदवल्ली म्हणून वस्ती आहे, ती राघोबादादांनी बायकोच्या नावावरून वसवली. योगायोग असा की 'आनंदवल्ली' हे तैत्तिरीय उपनिषदाच्या एका भागाचंही नाव आहे. तिथून आपण शब्दाकडे वळू.

आनंद या शब्दाची फोड सोपी आहे. 'आ' हा उपसर्ग आणि 'नन्द्' हा धातू. धातू म्हणजे शब्दाचं बी, ज्यातून पुढे शब्दांची झाडं उगवतात. संस्कृत धातुपाठात नन्द् चा अर्थ दिलाय 'समृद्धी'. खुशी, मौज हे नंतर. आधी भरलेलं घर, वाढतं गोधन, काही कमी नसणं. नंद, नंदन, नंदिनी, नंदी, अभिनंदन ही सगळी त्याच बियाची पिल्लावळ. गोकुळाचा नंद गायीगुरांनी संपन्न, शंकराचा नंदी शेतकऱ्याची संपत्ती. 'आ' लावलं की अर्थ चहूबाजूंनी भरून येतो.

आता याच कुळातला एक अस्सल मराठी शब्द: नांदणे. तोही नन्द् वरूनच आला. सुख नांदतं, लक्ष्मी नांदते, राज्यात शांतता नांदते. समृद्धीचा जुना अर्थ मराठीने इथे जपून ठेवला आणि मग त्याला लग्नाच्या दावणीला बांधलं. मराठीत नांदते ती सून. नांदायला जाते ती मुलगी. 'नवरा नांदवत नाही' ही तक्रार पुरुष करत नाही, कारण त्याला कोणी नांदवतच नाही, तो आपल्या घरी नुसता राहतो. सुखाने राहणं या अर्थाचं क्रियापद आपण बायकांच्या सासरवासाला बहाल केलं. यात काव्य आहे की चलाखी, हे ज्याने त्याने ठरवावं. मला दोन्ही दिसतं.

या एका क्रियापदावरून आपल्याकडे कोर्टकचेरी झालेली आहे. रखमाबाईंचं लग्न त्या ११ वर्षांच्या असताना झालं होतं. मोठ्या झाल्यावर त्यांनी नवऱ्याकडे नांदायला जायला नकार दिला. नवरा दादाजी भिकाजी याने १८८४ मध्ये मुंबईच्या हायकोर्टात दावा लावला. १८८७ मध्ये निकाल लागला की नांदायला जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात जा. त्यांनी तुरुंग पत्करायची तयारी दाखवली. शेवटी १८८८ मध्ये तडजोड झाली, रखमाबाई पुढे इंग्लंडला जाऊन डॉक्टर झाल्या. हा सगळा गदारोळ इकडे चालू होता तेव्हा त्यांच्याच वयाची एक मराठी मुलगी अमेरिकेत वैद्यकशास्त्र शिकत होती, नवऱ्याच्याच पाठिंब्याने. तिचं नाव आनंदी. तिच्याकडे येतेच.

त्याआधी आणखी एक गंमत, माझ्यासारख्या आत्यांसाठी. नणंद हा शब्द संस्कृतात 'ननान्दृ' असा आहे. जुने टीकाकार त्याची फोड करताना म्हणतात, 'न नन्दति', म्हणजे जी काही केलं तरी खूश होत नाही ती. आधुनिक भाषाशास्त्र ही व्युत्पत्ती मानत नाही. पण कुठल्यातरी वैयाकरणाच्या घरात काय चाललं असेल, याचा अंदाज येतो. आणि आपली रीत बघा. बाळाचं नाव ठेवायचा मान आत्याचा, म्हणजे आईच्या नणंदेचा. जी नंदत नाही तिनेच पाळण्यात वाकून 'आनंदी' म्हणायचं.

आता 'आनंद'ची 'आनंदी' कशी झाली? संस्कृतात 'आनन्दिन्' म्हणजे आनंद असलेला, आणि त्याचं प्रथमेचं रूप 'आनन्दी'. हे रूप पुरुषाचं! बाईसाठी तिथे 'आनन्दिनी' असा शब्द होतो. मराठीने 'आनंदी' हे विशेषण उचललं आणि सगळ्यांना सारखंच वापरलं. आनंदी मुलगा, आनंदी मुलगी, आनंदी कुटुंब. सुखी आणि दुःखी हे शब्दही असेच चालतात. नाव म्हणून मात्र शेवटची दीर्घ ई पाहून आपण तो मुलींकडे दिला, देव-देवी, सुंदर-सुंदरीच्या चालीवर. उत्तरेकडे आणि मारवाडी घरांत हे नाव पुरुषांनाही असतं, बहुधा पुढे लाल किंवा प्रसाद लागून. माटुंग्याच्या पोदार कॉलेजच्या नावातलं 'आ' हे आनंदीलाल या नावाचं आहे. ठाण्याहून रोज लोकलने तिथे जाऊन बी.कॉम. झालेल्या माझ्या कितीतरी मैत्रिणींना ते ठाऊक नव्हतं.

भावाला आवडलेला अर्थ मात्र 'हसरी', 'खुशाल' एवढ्यावर थांबत नाही. तैत्तिरीय उपनिषदाच्या आनंदवल्लीत चक्क आनंद मोजायचा प्रयत्न केलाय. एकक काय घ्यायचं? तर एक तरुण माणूस घ्या, सज्जन, शिकलेला, धडधाकट, बळकट, आणि धनाने भरलेली सगळी पृथ्वी त्याच्या मालकीची आहे असं धरा. त्याचा आनंद म्हणजे एक. त्याच्या शंभरपट मनुष्यगंधर्वांचा आनंद, त्याच्या शंभरपट देवगंधर्वांचा, मग पितर, मग देवांचे प्रकार, इंद्र, बृहस्पती, प्रजापती, आणि शेवटी ब्रह्म. प्रत्येक पायरीला शंभरने गुणायचं. अशा दहा पायऱ्या होतात, म्हणजे एकावर वीस शून्यं. आणि प्रत्येक पायरीला एक पुस्ती जोडलेली आहे: ज्याला हाव नाही अशा ज्ञानी माणसाला हा सगळा आनंद आहेच. म्हणजे पृथ्वी मालकीची नसली तरी चालेल. घोडबंदरला दोन बेडरूमच्या फ्लॅटचे हप्ते भरणाऱ्या भावाला हे ऐकून बरं वाटलं.

त्याच उपनिषदात माणसाचे पाच कोश सांगितलेत, एकाच्या आत एक: अन्नमय, प्राणमय, मनोमय, विज्ञानमय आणि सगळ्यात आतला आनंदमय. संन्याशांच्या नावाच्या शेवटी 'आनंद' लागतो, विवेकानंद, दयानंद, त्याची मुळं याच विचारात आहेत. घर सोडताना पुरुषाला नवीन नाव मिळतं आणि त्यात आनंद असतो. नवं घर धरताना बाईला नवीन नाव मिळायचं, आणि त्यातही पुष्कळदा आनंद असायचा.

वहिनीच्या आनंदीपाशी आपण आता आलो, कारण ती जन्माने आनंदी नव्हतीच. ती यमुना होती.

लग्नात मुलीचं नाव बदलायची आपली रीत जुन्या मंडळींना सांगायला नको. सून उंबरठ्यावरचं माप ओलांडून आत येते, लक्ष्मीपूजन होतं, ताटात तांदूळ पसरतात आणि नवरा सोन्याच्या अंगठीने त्यात नवीन नाव लिहितो. मग साखर किंवा पेढे वाटून ते जाहीर करायचं. तांदूळ नंतर सारखे केले की नाव पुसलं जातं, पण ते बाईला चिकटलेलं असतं. आडनाव बदलतं, मधलं नाव वडिलांचं जाऊन नवऱ्याचं येतं, आणि स्वतःचंही जातं. नावाच्या तीन घरांपैकी एकाही घरात जुनी मुलगी उरत नाही.

या रीतीमुळे आपल्या इतिहासातल्या बायकांची जन्मनावं शोधायला बसलं की गंमत होते. झाशीची लक्ष्मीबाई माहेरी मनकर्णिका. रेव्हरंड टिळकांच्या पत्नी लक्ष्मीबाई, त्याही माहेरी मनकर्णिका. लोकमान्यांच्या पत्नी सत्यभामाबाई माहेरी तापी. रमाबाई रानडे १८६२ मध्ये जन्मल्या त्या यमुना म्हणून. नद्यांची आणि तीर्थांची नावं माहेरी ठेवून बायका सासरी लक्ष्मी आणि रमा व्हायच्या. सासरच्यांना घरात काय यायला हवं होतं ते नावांवरून कळतं.

यमुना गणपतराव जोशी ही कल्याणच्या जोशांची मुलगी, जन्म ३१ मार्च १८६५. कल्याण तेव्हाही ठाणे जिल्ह्यात. रेल्वे ठाण्याला १८५३ मध्ये आणि कल्याणला १८५४ मध्ये पोचलेली होती, त्यामुळे हे काही आडबाजूचं गाव राहिलं नव्हतं. मुलीला घरात शिकवायची पद्धत मात्र अजून पोचायची होती. ९ व्या वर्षी तिचं लग्न गोपाळराव जोशींशी झालं. ते बिजवर, तिच्याहून सुमारे २० वर्षांनी मोठे, पोस्टात कारकून, डोक्याने तिरसट आणि बायकांना शिकवायचंच या एका गोष्टीने झपाटलेले. मुलीला शिकू द्याल तरच लग्न, अशी त्यांची अट होती. सासरी यमुनेची आनंदी झाली.

गोपाळरावांच्या स्वभावाबद्दल पुष्कळ लिहिलं गेलंय. ते तिला मारत, अभ्यासासाठी छळत, हेही आणि त्यांच्याशिवाय ती घडली नसती, हेही. मला तर वाटतं, नाव बदलण्याचं सोडून सासरचा एकही नेहमीचा नियम त्यांनी पाळला नाही. १४ व्या वर्षी तिला मुलगा झाला आणि दहा दिवसांत गेला. बायकांना तपासायला बाई डॉक्टर हवी, हे तिच्या मनाने तिथे घेतलं. गोपाळरावांची बदली होत होत जोडपं अलिबाग, कोल्हापूर करत बंगालमध्ये श्रीरामपूरला गेलं. तिथे फेब्रुवारी १८८३ मध्ये तिने कॉलेजात इंग्रजीतून भाषण केलं: मी अमेरिकेला का जाते आणि परत येताना हिंदूच म्हणून कशी येणार. एप्रिलमध्ये कलकत्त्याहून बोटीने निघाली, नवऱ्याशिवाय. वय १८.

फिलाडेल्फियाच्या स्त्रियांच्या वैद्यकीय महाविद्यालयातून ११ मार्च १८८६ रोजी ती एम. डी. झाली. प्रबंधाचा विषय होता आर्य हिंदूंमधलं प्रसूतिशास्त्र. पदवीदानाला पंडिता रमाबाई हजर होत्या. त्याच वर्षी कलकत्त्यात कादंबिनी गांगुलीही डॉक्टर झाल्या. पाश्चात्त्य वैद्यकाची पदवी घेणाऱ्या पहिल्या भारतीय बायका म्हणून दोघींचं नाव बरोबरीने घेतलं जातं.

त्या महाविद्यालयातला १० ऑक्टोबर १८८५ चा एक फोटो प्रसिद्ध आहे. जपानची केई ओकामी, सीरियाची सबात इस्लांबुली आणि आपली नऊवारीतली आनंदी, तिघी आपापल्या देशी पोशाखात. फोटोखाली तिचं नाव लिहिलंय 'आनंदाबाई'. यमुनेची आनंदी झाली, आनंदीची आनंदीबाई, आणि अमेरिकेत आनंदाबाई. अमेरिकन माणसाला 'बाई' हे नाव नव्हे, मान आहे, हे कोण सांगणार?

कोल्हापूरच्या आल्बर्ट एडवर्ड हॉस्पिटलच्या स्त्री विभागात तिची नेमणूक झाली होती. ती परत आली ती क्षयाने पोखरलेली. २६ फेब्रुवारी १८८७ रोजी पुण्यात गेली, २२ वं वर्ष पुरं व्हायला महिना राहिला होता. एकाही रोग्याला कोल्हापुरात तपासता आलं नाही. जिने तिला अमेरिकेत मुलीसारखं ठेवून घेतलं त्या थिओडिशिया कार्पेंटर बाईंकडे गोपाळरावांनी तिच्या अस्थी पाठवल्या. त्या न्यू यॉर्क राज्यात पोकिप्सीच्या दफनभूमीत, कार्पेंटर कुटुंबाच्या जागेत आहेत. दगडावर नाव आहे, त्यापुढे एम. डी. आहे.

शुक्रावरही तिच्या नावाचं एक विवर आहे, सुमारे ३४ किलोमीटर रुंद. शुक्रावर जवळजवळ सगळी नावं बायकांची ठेवायचा शास्त्रज्ञांचा रिवाज आहे. मोठ्या विवरांना कर्तबगार बायकांची नावं, लहान विवरांना जगातल्या साध्यासुध्या बायकांची पाळण्यातली नावं. आनंदीबाईंचं विवर मोठं, म्हणून त्याचं नाव ठेवलंय 'जोशी'. तिथेही आडनावच.

आणखी एक आनंदी आहे, आणि तिची गोष्ट वहिनीला मी बारशाच्या दिवशीच सांगितली. गोदूबाई, बालविधवा. वयाच्या आठव्या वर्षी नवरा गेलेला. पंडिता रमाबाईंनी १८८९ मध्ये मुंबईत शारदा सदन काढलं, त्यातली ही पहिली विधवा विद्यार्थिनी. ११ मार्च १८९३ रोजी धोंडो केशव कर्व्यांनी तिच्याशी विवाह केला. विधवेशी लग्न, म्हणून गावाने कर्व्यांना वाळीत टाकलं. नवीन लग्नात गोदूचं नाव झालं आनंदी. लोक पुढे तिला बाया कर्वे म्हणत. तारीख बघा: कल्याणच्या आनंदीला पदवी मिळाली तीच ११ मार्च, सात वर्षांनंतर. मुद्दाम धरलेली असेल असं मी म्हणत नाही, पण कॅलेंडरवर मी त्या तारखेला टिंब केलंय. बायांच्या बाबतीत नवीन नावाचा अर्थच वेगळा होतो. गोदू हे नाव घेऊन जगणाऱ्या बाईच्या वाट्याला केशवपन आणि आलवण, म्हणजे विधवेचं तांबडं लुगडं, यायचं. आनंदी या नावाला ते लागू नव्हतं. नाव बदललं जाणं आणि नाव बदलून मिळणं यात फरक आहे, तो इथे दिसतो.

तर मावशीआजी, तुझ्या आनंदीला खलनायिका ठरवलं ते एका अक्षरासाठी, वहिनीची आनंदी जन्मनाव सोडून आली, आणि बाया कर्वे जन्मनावासोबत वैधव्य सोडून आल्या. या शेवटच्या दोघींना हे नाव नांदायला निघताना मिळालं. आपल्या बाळाला ते पाळण्यात मिळालंय, हा मला खरा बदल वाटतो. २००८ मध्ये एक हिंदी मालिका घरोघरी गाजली, तिच्यातल्या बालवधूचंही नाव आनंदी होतं. तेव्हा बालवधू म्हटली की हे नाव सुचणं अजून संपलेलं नव्हतं.

बाकीच्या आनंदी-आनंदांची यादी लांबवत नाही. गुजरातच्या पहिल्या महिला मुख्यमंत्री आनंदीबेन पटेल, २०१४ ते २०१६. गायिका आनंदी जोशी, नाव-आडनाव दोन्ही डॉक्टरांचंच. बुद्धाचा शिष्य आणि चुलतभाऊ आनंद याचा मात्र उल्लेख हवाच. महाप्रजापती गौतमीला आणि इतर बायकांना संघात घ्यावं म्हणून बुद्धापुढे शब्द टाकला तो त्याने. १९५६ च्या धम्मदीक्षेनंतर महाराष्ट्रातल्या बौद्ध घरांत हे नाव मोठ्या प्रेमाने ठेवलं गेलं. बाबासाहेबांच्या एका मोठ्या भावाचं नावही आनंदराव. बुद्धिबळातला विश्वनाथन आनंद हे आपल्याकडे पुष्कळांना आडनाव वाटतं. विश्वनाथन हे वडिलांचं नाव, त्याचं स्वतःचं नाव आनंद. तमिळ रीतीत वडील पुढे आणि मुलगा मागे. आणि ठाण्यात 'आनंद' म्हटलं की टेंभी नाक्याचा आनंद आश्रम आणि आनंद दिघे कोणालाही आठवतात. मुलुंडकडून येताना शहराची वेसही आनंदनगर नाक्याने सुरू होते. तिथल्या सकाळच्या ट्रॅफिकला मात्र मराठीत जो शब्द आहे तो 'आनंदीआनंद'. हा शब्द उलट्या अर्थाने वापरायची खोड आपल्याला कधी लागली कोण जाणे.

पंचांगवाल्यांसाठी: अ हे अक्षर कृत्तिकेच्या पहिल्या चरणाचं, रास मेष. आमचं बाळ त्या राशीचं नाही. नावरस नाव वेगळं निघालं, ते पत्रिकेत राहील.

आता कागदाचा भाग. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते, नावाशिवायही होते. नाव वर्षभरात फुकट घालता येतं, पुढे विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत. १ ऑक्टोबर २०२३ नंतर जन्मलेल्यांना शाळाप्रवेशापासून मतदारयादीपर्यंत जन्मतारखेचा पुरावा म्हणून हाच दाखला लागणार आहे, त्यामुळे तो नीट असलेला बरा. राज्य सरकारने १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या कागदपत्रांत आधी बाळाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव असा क्रम ठरवलाय. आमच्या वहिनीने लग्नात नाव बदललं नव्हतं, तांदळाच्या ताटात भावाने तिचं माहेरचंच नाव गिरवलं होतं. तेच आता लेकीच्या नावाशेजारी येईल. इंग्रजी स्पेलिंगमध्ये सुरुवातीला ए एक की दोन, यावर दोघांचं भांडण झालं. एक ठरला.

हे सगळं लिहून मी मावशीआजीला पाठवलं. दुसऱ्या दिवशी तिचा फोन आला. "वाचलं. ठीक आहे, आनंदी तर आनंदी. पण दाखला आला की अक्षरं नीट तपासून घ्या हो. माझा कागदावर विश्वास नाही."

मागच्या मंगळवारी दाखला आला. इंग्रजी बरोबर आहे. मराठीत छापलंय 'आनदी'. भावाने दुरुस्तीचा अर्ज लिहिलाय. कारणाच्या रकान्यात त्याने लिहिलं, 'एक टिंब राहिलं आहे.'